‘बघा आता, कसं करायचं ते’

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. आमचे तात्या, म्हणजे माझे थोरले चुलते, चढले, आणि तेही सरकारच्या बाजूने, साक्षीदार म्हणून. निकाल लागला तेव्हा मला पुण्यात नोकरीला लागून वर्ष झालं होतं. आईचा फोन आला, "सुटला बघ तो." मी तिला पहिला प्रश्न विचारला, "पण हात गुलाबी झाले होते ना त्याचे?"

हा लेख माझ्या त्या प्रश्नाच्या विरोधात आहे. तो अडाणीपणाचा प्रश्न होता, आणि लाचखोरीच्या खटल्यांबद्दल आपल्याकडे जी चर्चा होते ती बहुतेक सगळी तिथेच घुटमळते. आधी ‘रंगेहाथ पकडले’ असा मथळा, जप्त नोटांचा फोटो, मग काही वर्षांनी आतल्या पानावर चार ओळी, ‘सबळ पुराव्याअभावी निर्दोष’. त्यावर चहाच्या टपरीपासून व्हॉट्सअ‍ॅपपर्यंत एकच निष्कर्ष निघतो, की वरपर्यंत पोचले असणार. तात्यांचं निकालपत्र न वाचताच मीही पुढची दोन वर्षं हेच म्हणत होतो.

प्रकरण साधं होतं. साताऱ्यातल्या एका तालुक्यातली गोष्ट, तालुका कुठला ते राहू दे. आजोबा गेल्यावर सातबाऱ्यावर वारसनोंद करायची होती. मृत्यूचा दाखला, वारसांचं प्रतिज्ञापत्र, अर्ज असं सगळं दिलेलं. चार महिने तात्या तलाठ्याकडे खेपा घालत होते. २०१३ चा उन्हाळा, मी दहावीची परीक्षा देऊन घरीच होतो, दोनदा त्यांच्याबरोबर मीही गेलो. शेवटच्या खेपेला तात्या एकटेच होते. तलाठी म्हणाला, "तात्या, नुसत्या कागदावर का नोंदी व्हत्यात? बघा आता, कसं करायचं ते." आणि टेबलावर तीन बोटं टेकवली.

तात्या गेले ते थेट साताऱ्याला, लाचलुचपत प्रतिबंधक विभागाच्या कार्यालयात. पुढचं सगळं पद्धतशीर झालं. आवाज टिपायचं यंत्र खिशात घालून पडताळणी. दुसऱ्या दिवशी पाचशेच्या सहा नोटांचे नंबर लिहून घेतले, त्यांवर फिनॉल्फ्थॅलीनची पूड लावली, दुसऱ्या खात्यातले दोन सरकारी नोकर पंच म्हणून घेतले. त्यांतला एक तात्यांबरोबर जाणार, बोलणं ऐकणार. ‘मागितल्याशिवाय द्यायचे नाहीत’ हे तात्यांना दहादा बजावलं. पैसे दिले की डोक्यावरची टोपी काढायची, ही खूण. टोपी निघाली, माणसं आत शिरली, तलाठ्याचे हात सोडियम कार्बोनेटच्या द्रावणात बुडवले आणि पाणी गुलाबी झालं. गावात त्या दिवशी तात्यांची कॉलर ताठ होती. (तात्या नेहरूशर्ट घालतात, पण समजून घ्या.)

साक्ष झाली २०१९ मध्ये. सहा वर्षांनी. तोवर तात्यांचं एक ऑपरेशन झालं होतं, नोंद दुसऱ्या तलाठ्याने केव्हाच करून टाकली होती, आणि बाहेर उभा राहिलेला तो पंच निवृत्त झाला होता. त्याने कोर्टात सांगितलं की मी दाराशी होतो, आत काय बोलणं झालं ते मला नीट ऐकू आलं नाही. मुद्देमालाचं पाकीट फोडून नोटा तात्यांना दाखवल्या. याच का त्या? तात्या म्हणाले, "ह्याच. पण आता चालत न्हाईत." २०१६ च्या नोव्हेंबरात पाचशेच्या जुन्या नोटा बाद झाल्या होत्या, पाकिटातल्याही. कोर्टात हशा पिकला म्हणे.

मग उलटतपासणी. निकालपत्र आणि तात्यांची नोंदवलेली साक्ष मी शेवटी वाचली ती लॉकडाऊनमध्ये, घरून काम चालू असताना. आपल्या कोर्टांत साक्ष लिहिण्याची एक खास मराठी आहे. ‘हे म्हणणे खरे आहे की’, ‘हे म्हणणे खरे नाही की’. तात्यांच्या साक्षीत हे वाक्य आहे: ‘हे म्हणणे खरे आहे की, आरोपीने मला पैसे द्या असे शब्द उच्चारले नव्हते.’

तात्या फितूर झाले नव्हते, घाबरलेही नव्हते. त्यांना विचारलं गेलं आणि त्यांनी खरं सांगितलं. तलाठी तसं म्हणालाच नव्हता. अडचण अशी की तात्यांच्याच सहीच्या तक्रारीत लिहिलं होतं, ‘सदर लोकसेवकाने वारसनोंद करण्याकरिता रुपये ३,००० लाचेची मागणी केली.’ बचावाच्या वकिलाने ही दोन वाक्यं शेजारी ठेवली. तक्रारीत मागणी आहे, साक्षीत नाही, म्हणजे साक्षीदार एका ठिकाणी खोटं बोलतो आहे. आणि पैसे? ते हातउसने. तात्यांनी मागे घेतले होते, ते परत केले.

मागणी संशयातीत सिद्ध होत नाही, सबब आरोपी निर्दोष. न्यायाधीशांनी समोरच्या कागदांवरून जे करायला हवं होतं तेच केलं असं माझं आज मत आहे. घरात हे बोलायची सोय नाही.

गुलाबी हात कशाचा पुरावा आहे? पूड लावलेल्या नोटांना तो हात लागला, एवढ्याचाच. नोटा का दिल्या, कोणी मागितल्या, कशासाठी, हे रसायनाला ठाऊक नसतं. निव्वळ नोटा सापडल्या म्हणून माणूस दोषी ठरू लागला, तर वाळूचा ट्रक अडवणाऱ्या, अतिक्रमण पाडणाऱ्या, बोगस बिलं थांबवणाऱ्या प्रत्येक अधिकाऱ्याच्या ड्रॉवरमध्ये आठवड्याभरात नोटा सापडतील. म्हणून सर्वोच्च न्यायालयाने बी. जयराज (२०१४), सत्यनारायण मूर्ती (२०१५) या निकालांत पुन्हा पुन्हा सांगितलं की आधी मागणी सिद्ध करा. कलम २० खाली आरोपीच्या विरुद्ध जे गृहीत धरता येतं, ते मूळ गोष्टी सिद्ध झाल्यावर, त्यांच्या ऐवजी नव्हे. तक्रारदार मेला किंवा उलटला तर काय, हा गुंता राहिला होता. तो घटनापीठाने १५ डिसेंबर २०२२ रोजी नीरज दत्ता प्रकरणात सोडवला: तक्रारदार नसला तरी दुसऱ्या साक्षीदारांवरून किंवा परिस्थितीजन्य पुराव्यावरून मागणी सिद्ध करता येईल, पण ती सिद्ध व्हायला हवी. गंमत म्हणजे दिल्लीच्या वीज मंडळातल्या ज्या कर्मचारी बाईंच्या नावाने हा निकाल ओळखला जातो, त्या स्वतः मार्च २०२३ मध्ये याच कसोटीवर सुटल्या. त्यांच्यावरचा सापळा २००० सालचा होता. साक्ष देण्याआधीच तक्रारदार वारला होता.

‘पुराव्याची अट सैल करा, सापळा यशस्वी म्हणजे शिक्षा’ असं म्हणणारे माझे मित्र आहेत, ऑफिसात तर बहुतेक सगळे. त्यांच्याशी मी भांडतो. अट योग्य आहे. ती पूर्ण करायची जबाबदारी ज्या राज्ययंत्रणेवर आहे, ती हे काम नोटा पकडण्यापुरतंच मन लावून करते, ही माझी तक्रार आहे.

आणि यातला सगळ्यात दुर्लक्षित भाग भाषेचा आहे. मराठीत लाच कोणी ‘मागतं’ का? आठवून पाहा. ‘चहापाण्याचं बघा.’ ‘थोडा खर्च येतो.’ ‘फाइलवर वजन ठेवा.’ ‘साहेबांना भेटून घ्या एकदा.’ ‘आम्हालाही वर द्यावे लागतात.’ ‘तुम्ही जाणते आहात, मी काय सांगू?’ लाचेची सगळी भाषा क्रियापद टाळण्यावर उभी आहे. कर्ता गायब, कर्म गायब, उरतं ते ‘बघा’. साहेबाने मागितलेलं नसतं, तुम्हाला समजलेलं असतं. यात कावा आहे, सवय आहे, आणि बोलणाऱ्याला स्वतःच्या नजरेत भिकारी ठरायचं नसतं हेही आहे.

आता ही भाषा पोलिसांच्या टेबलावर आली की काय होतं? ‘बघा आता, कसं करायचं ते’ आणि तीन बोटं, याचं ‘लाचेची मागणी केली’ होतं. लिहून घेणाऱ्याचा हेतू चांगलाच असतो. त्याला ठाऊक असतं की कोर्टाला मागणी हवी आहे, म्हणून तो मागणी लिहितो. पण त्या क्षणी त्याने पुरावा पुसून तिथे निष्कर्ष लिहिलेला असतो. तात्यांचं मूळ वाक्य जसंच्या तसं लिहिलं असतं, चार महिन्यांच्या खेपा तारखांसकट लिहिल्या असत्या, पूर्ण कागद असूनही नोंद अडकली होती हे लिहिलं असतं, तर सहा वर्षांनी तात्या जे बोलले ते तक्रारीशी तंतोतंत जुळलं असतं. त्या वाक्याचा अर्थ काय, हे मग न्यायाधीशांनी ठरवलं असतं. न्यायाधीशही मराठी माणूसच असतो, त्यालाही ‘बघा’ कळतं. पण त्याच्यापुढे ते ‘बघा’ आलंच पाहिजे.

ध्वनिमुद्रण होतं ना, असं कोणी विचारेल. होतं. एक तर यंत्राला बोटं ऐकू येत नाहीत. शिवाय यंत्रातून उतरवलेली सीडी तेवढी कोर्टात आली, मूळ यंत्र आलं नाही, आणि सीडीसोबत पुरावा कायद्याच्या कलम ६५ब खालचं प्रमाणपत्र नव्हतं. हे प्रमाणपत्र लागतंच, हे २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पक्कं केलं ते आपल्याच जालन्याच्या प्रकरणात, अर्जुन खोतकर विरुद्ध कैलास गोरंट्याल. आमदारकीच्या दोन उमेदवारांचं ते भांडण, निवडणूक कार्यालयातल्या व्हिडिओ चित्रणावरून. मी प्रोग्रामर आहे म्हणून इथे जरा थांबतो. एखाद्या फाइलवर एक ठरावीक गणिती क्रिया केली की एक आकडा मिळतो, त्याला हॅश म्हणतात. फाइलमधला एक बिट जरी बदलला तरी हा आकडा पार बदलतो. फुकटातलं सॉफ्टवेअर उतरवून घेतानाही आम्ही तो ताडून बघतो. मुद्रण झाल्या झाल्या पंचांसमोर हा आकडा काढून पंचनाम्यात लिहायचा, याला वेळ लागतो मिनिटभर आणि खर्च शून्य. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमात, कलम ६३ च्या प्रमाणपत्रात, हॅशची नोंद आली आहे. चांगलं झालं. पण २०१३ मध्येही हॅश होताच.

हे सगळं आजचंच आहे असं वाटत असेल तर १८८८ चं क्रॉफर्ड प्रकरण बघा. आर्थर ट्रॅव्हर्स क्रॉफर्ड हा मुंबईचा पहिला म्युनिसिपल कमिशनर. मुंबईतलं ते मार्केट लोकांच्या तोंडी अजून त्याच्याच नावाने आहे. पुढे तो मध्य विभागाचा कमिशनर झाला. या विभागात सातारा जिल्हा होता, आणि आज सांगलीत असलेले वाळवा, तासगाव, खानापूर हे तालुके तेव्हा साताऱ्यातच होते. मामलेदारांच्या बढत्या-बदल्यांसाठी पैसे घेतल्याचा आरोप क्रॉफर्डवर होता, आणि पैसे हणमंतराव नावाच्या मध्यस्थामार्फत जात. गव्हर्नर लॉर्ड रे यांच्या सरकारला प्रकरण तडीस न्यायचं होतं. पण पैसे घेतल्याचं सांगणार कोण? देणारेच. म्हणून सरकारने मामलेदारांना अभय दिलं: खरं सांगा, तुमच्या केसाला धक्का लागणार नाही.

मामलेदार बोलले. पुण्यात तीन सदस्यांच्या आयोगापुढे चौकशी झाली. लाच देणाऱ्यांच्या साक्षीवर विसंबून लाचेचे आरोप सिद्ध मानायला आयोग तयार झाला नाही. क्रॉफर्ड नोकरीतून गेला, पण लाचेसाठी नव्हे, आपल्या हद्दीतल्या लोकांकडून कर्जाऊ पैसे घेतल्याबद्दल. हातउसने! मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा हसूच आलं. मध्यस्थ हणमंतरावाला मात्र शिक्षा झाली होती. आणि मामलेदार? लाच दिल्याची कबुली देणारे लोक न्यायदानाच्या खुर्चीवर बसतात कसे, अशी ओरड झाली. १८८९ मध्ये खास कायदा करून त्यांना खटल्यांपासून संरक्षण दिलं, पण ज्यांनी आपल्या फायद्यासाठी पैसे दिले असं सरकारला वाटलं, त्यांच्या नोकऱ्या गेल्या. शब्द दिला होता तो मोडला. टिळकांनी त्या वेळी मामलेदारांची बाजू घेऊन रान उठवलं, ते याच मुद्द्यावर. लाच देणारे धुतल्या तांदळासारखे होते असं टिळकही म्हणत नव्हते. सरकारने अभय देऊन साक्ष काढून घेतली आणि मग साक्षीदाराला वाऱ्यावर सोडलं, हा त्यांचा आक्षेप होता. क्रॉफर्डने पुढे विलायतेत आठवणींची पुस्तकं लिहिली.

आजचं अभय कसं आहे? लाच देणाऱ्याच्या जबाबाला संरक्षण देणारं कलम २४ हे २०१८ च्या दुरुस्तीत गेलं. आता सक्तीने द्यावी लागली असेल तर सात दिवसांत कळवायचं, नाहीतर देणाराही गुन्हेगार. आधी कळवून सापळ्यात पैसे देणाऱ्याला भीती नाही, हे खरं. पण अडलेला माणूस आधी देतो, मग जळतो, आणि हिंमत करायला त्याला महिना लागतो. सात दिवसांत हिंमत गोळा करणारे तात्या फार नाहीत.

आणि आता साताऱ्यातलंच, पण खुर्ची फार वरची. डिसेंबर २०२४ मध्ये साताऱ्याचे जिल्हा व सत्र न्यायाधीश धनंजय निकम आणि इतरांवर लाचलुचपत प्रतिबंधक विभागाने गुन्हा नोंदवला. आरोप असा, की फसवणुकीच्या गुन्ह्यात कोठडीत असलेल्या वडिलांच्या जामिनासाठी मुलीकडे मध्यस्थांमार्फत पाच लाख रुपये मागितले गेले. निकम यांनी आरोप नाकारले, आपल्याला गोवल्याचं सांगितलं. २०२५ मध्ये उच्च न्यायालयाने त्यांना अटकपूर्व जामीन नाकारला, आणि त्याच वर्षी ऑक्टोबरात खात्यांतर्गत चौकशीनंतर त्यांना बडतर्फ केलं. लोकांच्या दृष्टीने विषय संपला. पण खात्याची चौकशी आणि फौजदारी खटला यांचे काटे वेगळे. बडतर्फीसाठी शक्यतेचं पारडं झुकलं तरी पुरतं, शिक्षेसाठी वाजवी शंका उरता कामा नये. फौजदारी कोर्टात ते निर्दोषच धरले जाणार, आणि धरले पाहिजेत. तिथे प्रश्न तोच येणार: मागणी कोणाची, कोणत्या शब्दांत, मध्यस्थाचं बोलणं हे न्यायाधीशाचंच बोलणं होतं हे कशावरून? क्रॉफर्ड आणि हणमंतराव यांच्यामधली जागा हीच तर होती. त्या मुलीने किती वर्षांनी साक्षीला उभं राहायचं आहे, याची काळजी मला मथळ्यांपेक्षा जास्त वाटते.

कायदा म्हणतो की असा खटला दोन वर्षांत संपवायचा प्रयत्न करा, आणि मुदती वाढवत नेल्या तरी चार वर्षांच्या पुढे जाऊ नका. हे २०१८ पासून कलम ४ मध्ये लिहिलेलं आहे. पण ते न पाळल्याबद्दल कोणाचं काही बिघडत नाही. माझं म्हणणं त्याहून लहान आहे. अख्खा खटला लवकर संपवा असं मी म्हणतच नाही, तक्रारदाराची साक्ष तेवढी आधी घ्या. दोषारोपपत्र आलं की सहा महिन्यांच्या आत, उलटतपासणीसकट, चित्रमुद्रण करून. मॅजिस्ट्रेटपुढे जबाब आजही नोंदवता येतो, पण त्यात आरोपीच्या वकिलाला प्रश्न विचारता येत नाहीत, म्हणून तो एकटा पुरत नाही. साक्ष ताजी असताना आरोपीलाही खरं काढायची चांगली संधी मिळते. निर्दोष तलाठ्यानेही सात वर्षं निलंबनाचा शिक्का घेऊन का फिरावं? सापळ्यात पंचाला दाराशी उभं करण्याऐवजी शर्टाच्या बटणात कॅमेरा द्या. बोटं दिसतील. यातलं काहीही महाग नाही, अवघडही नाही. पण विभागाचं यश सापळ्यांच्या संख्येवर मोजलं जातं तोवर सापळ्यानंतरच्या कामाला कोण वाली?

तो तलाठी दोषी होता का? माझा तात्यांवर विश्वास आहे. पण माझा विश्वास हा पुरावा नव्हे, आणि तसा तो असूही नये.

गेल्या दिवाळीत गावी होतो, तेव्हा शेजारच्या मामी तात्यांकडे आल्या. विहिरीच्या अनुदानाचं बिल अडकलं होतं, कुणीतरी ‘बघायला’ सांगितलं होतं. तात्या म्हणाले, "ह्याच्याकडनं लिहून घे. ह्यो कॉम्प्युटरवाला हाय." मी लॅपटॉप उघडला आणि सवयीने टाइप केलं, ‘रुपये पाच हजार लाचेची मागणी केली’. मग ते खोडलं.

"मामी, तो नक्की काय म्हणाला? त्याच्या तोंडचे शब्द सांगा."

"म्हणला, वहिनी, पावसाच्या आत विहीर व्हायची तर हालचाल करावी लागंल."

"आणि पाच हजार कोण म्हणालं?"

त्या थांबल्या. "कुणी न्हाई म्हणलं. त्याच्या आधी शेजारणीचं झालं, तिनं सांगितलं, पाच लागत्यात."

तेही लिहिलं. तारीख विचारली, कोण कोण होतं ते विचारलं, त्या दिवशी बाजार होता का ते विचारलं. दीड तास लागला. तात्या ओसरीवर बसून ऐकत होते, मधे मधे मामींना सांगत होते, "आठवून सांग, उगं आपल्या मनाचं नको." मी १०६४ हा टोल फ्री नंबरही खाली टाइप करून दिला. अर्ज छापून आणला, मामींनी तो डब्यात ठेवला. सही अजून केलेली नाही. नवऱ्याला विचारते म्हणाल्या.